स्पेनच्या उत्तरेला जायचे तर : काय पाहायचे, काय खायचे, काय विचारायचे

(जिल्हा मेळाव्यात केलेल्या भाषणाचा मजकूर)



आम्ही जिल्ह्यातले काही कोरडवाहू शेतकरी स्पेन देशाच्या उत्तर भागात चौदा दिवसांच्या दौऱ्याची जुळवाजुळव करतो आहोत. दौरा खाण्यापिण्याचा आहे. होय, खाण्यापिण्याचा. तिथली वाइन, तिथले चीज, तिथल्या मिरच्या, मासळी, सफरचंदाची सायडर. गावोगाव जाऊन हे खायचे, चाखायचे आणि ज्याने ते पिकवले त्याच्या बांधावर उभे राहून त्याला चार प्रश्न विचारायचे. ज्यांना यायचे असेल त्यांनी नाव द्यावे. ज्यांना यायचे नसेल त्यांनी निदान आम्ही काय विचारून यावे ते सांगावे. त्यासाठी आजचा हा वेळ मागून घेतला आहे.

पहिला प्रश्न कोणता येणार ते आम्हाला ठाऊक आहे. बोंडअळीने पऱ्हाटी खाल्ली, सोसायटीचे कर्ज थकले, आणि तुम्ही दारू चाखायला परदेशी निघालात? प्रश्न रास्त आहे. पहिले उत्तर असे की कर्ज काढून, दागिना मोडून कोणीही यायचे नाही. ज्याच्या गाठीला आहे त्याने यावे. दुसरे उत्तर जास्त महत्त्वाचे. शेतकऱ्याने परदेशी जायचे ते ठिबकच्या नळ्या आणि ट्रॅक्टर पाहायला, आणि चवीने खायचे ते शहरातल्या माणसाने, ही वाटणी कोणी केली? आपल्या मालाची चव कोण कोणाला किती पैशाला विकतो, हे पिकवणाऱ्यालाच कळले नाही तर तो जन्मभर क्विंटलवर विकत राहणार. पोत्यातून बाहेर पडलेला माल ताटापर्यंत कसा जातो, त्याला गावाचे नाव कसे चिकटते, आणि त्या नावाचा पैसा शेवटी कोणाच्या पदरात पडतो, हे पाहायला उत्तर स्पेन चांगली जागा आहे. तिथे या प्रश्नावर शंभर वर्षे भांडण चालू आहे, आणि ते अजून मिटलेले नाही.

आता भूगोल. स्पेनच्या उत्तर किनाऱ्याला समुद्र आहे आणि समुद्राला लागून डोंगर. डोंगराच्या समुद्राकडच्या अंगाला आपल्या कोकणासारखी हिरवळ. डोंगर ओलांडून दक्षिणेला उतरले की एब्रो नदीचे खोरे लागते, आणि पाऊस आटतो. कोकण उतरून देशावर यावे तसेच हे. या खोऱ्यातल्या लोग्रोन्यो शहरात वर्षाला सरासरी ४०० मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो. आपल्या कापसाच्या पट्ट्यात सरासरी याहून बरीच जास्त आहे. फरक एवढाच की आपला पाऊस चार महिन्यांत कोसळतो आणि मध्येच दडी मारतो. त्यांचा वर्षभर थोडाथोडा येतो. त्या चारशे मिलिमीटरवर तिथला शेतकरी द्राक्षाची वेल जगवतो. मांडव नाही, तारा नाहीत. गुडघाभर उंचीचे झुडूप, लांब लांब लावलेले. जुन्या बागा अशाच आहेत. नव्या बागा तारेवर गेल्या.

ऐकून नवल वाटेल, पण १९७० सालच्या कायद्याने स्पेनमध्ये वाइनच्या द्राक्षाला पाणी द्यायला बंदी होती. पाणी दिले की माल फुगतो, चव पातळ होते, बाजारात गर्दी होते, असा त्यामागचा विचार. ही बंदी सलग दुष्काळानंतर १९९६ साली उठली. आजही त्या भागातल्या बऱ्याच बागा जिरायतच आहेत. जिरायत म्हणजे कमीपणा, असे आपल्याला लहानपणापासून शिकवले गेले आहे. तिथे जिरायत जुनी वेल हे बाटलीवर अभिमानाने छापतात. हे एवढे डोळ्यांनी पाहिले तरी विमानाचे भाडे फिटले असे आम्ही समजू.

जायचे कधी? शहरातले प्रवासी सांगतात, सप्टेंबर-ऑक्टोबरात जा, तेव्हा द्राक्षाची तोडणी असते. खरे आहे. रिओहा भागात तोडणी सप्टेंबरच्या मध्यापासून ऑक्टोबरपर्यंत चालते. लोग्रोन्योत सप्टेंबरच्या २१ तारखेच्या आसपास सान मातेओची मोठी जत्रा भरते. पण तेव्हा आपल्या रानात काय असते? पऱ्हाटीला बोंडे लागलेली, फवारणी चाललेली, रब्बी ज्वारीच्या पेरणीची घाई. पुढे दसरा-दिवाळीला वेचणी. त्या दिवसांत घर सोडून जाईल तो शेतकरी कसला?

म्हणून आम्ही एप्रिलचा दुसरा पंधरवडा धरला आहे. तोवर कापूस विकून झालेला असतो, ज्वारी खळ्यातून घरात आलेली असते, आणि मृगाला अवकाश असतो. त्या दिवसांत तिथे काय मिळते तेही आम्ही ताडून पाहिले. बास्क भागातली सायडरची घरे जानेवारीच्या मध्यापासून एप्रिलअखेरपर्यंत उघडी असतात. ती शेवटच्या दिवसांत गाठता येतात. नावारा भागात पांढऱ्या शतावरीचे कोंब एप्रिल ते जून निघतात. कांताब्रियाच्या किनाऱ्यावर अँचोवी नावाच्या छोट्या मासळीचा हंगाम वसंतातच असतो. द्राक्षाला मात्र तेव्हा नुकते कोंब फुटलेले असतात. घड दिसणार नाहीत. पण शेतकऱ्याची धाकधूक दिसेल, कारण हेच दिवस दहिवराचे. २८ एप्रिल २०१७ च्या पहाटे असे दहिवर पडले की रिओहात हजारो हेक्टरवरचे कोंब एका रात्रीत करपले. गारपिटीने झोडपलेल्या माणसाला ही गोष्ट दुभाष्याशिवाय समजेल.

ईस्टरचा आठवडा मात्र टाळायचा. त्या दिवसांत सारा स्पेन प्रवासाला निघतो. खोल्या महाग होतात आणि गावे गर्दीने भरतात. ईस्टरची तारीख दरवर्षी बदलते, म्हणून आधी दिनदर्शिका पाहायची आणि मग तिकीट काढायचे.

आता वाट. मुंबईहून बिल्बाओला थेट विमान नाही. मध्ये एकदा बदलावे लागते. बिल्बाओत शिरायचे आणि सांतियागोहून परत निघायचे, म्हणजे गेलेल्या वाटेने माघारी यावे लागत नाही. शुक्रवारी पोहोचायचे. वार का धरला ते पुढे कळेल.

शनिवारी डोंगर ओलांडून शंभरेक किलोमीटरवर आरो हे गाव. हे रिओहा वाइनचे जुने ठाणे. रेल्वे स्टेशनाच्या भोवती एकाला एक लागून जुनी वाइनघरे उभी आहेत. त्यांना तिथे बोदेगा म्हणतात. ती स्टेशनालाच का चिकटली? कारण गिऱ्हाईक फ्रान्सचे होते. फ्रान्सच्या द्राक्षबागांवर आधी भुरी आली आणि १८६० नंतरच्या दशकात मुळांना लागणारी फायलोक्सेरा नावाची बारीक किड आली. फ्रान्सच्या बागा वाळल्या, तेव्हा फ्रेंच व्यापारी रिओहात उतरले. भाव चढले, लागवड वाढली, वाइन रेल्वेने भरभरून गेली. मग १८९२ साली दोन देशांतला व्यापाराचा करार संपला, फ्रान्सने जकात वाढवली आणि बाजार बसला. १८९९ साली ती किड खुद्द रिओहात पोहोचली. वऱ्हाडाच्या माणसाला ही कहाणी ओळखीची वाटेल. अमेरिकेत यादवी पेटली म्हणून १८६१ ते १८६५ या काळात आपल्या कापसाला सोन्याचे दिवस आले, आणि लढाई थांबताच भाव कोसळले. दुसऱ्याच्या घरची आग विझली की आपल्या घरची चूल विझते, हा शेतमालाच्या बाजाराचा जुना नियम आहे. आरोच्या स्टेशनावर उभे राहून तो पुन्हा एकदा समजून घ्यायचा.

रविवारी जवळच्याच ब्रियोनेस गावात वाइनच्या संस्कृतीचे मोठे संग्रहालय पाहायचे. जुनी चरके, पिंपे, छाटणीच्या कात्र्या सारे तिथे जपून ठेवले आहे. सोमवारी तिथली बहुतेक संग्रहालये आणि बरीच वाइनघरे बंद असतात, म्हणून तो दिवस शेतकऱ्यांच्या बांधासाठी राखला आहे. बाकी सगळीकडे आधी कळवून वेळ ठरवावी लागते. बोदेगाच्या दारात नुसते जाऊन उभे राहिले तर आत घेतीलच असे नाही. सोमवारी सकाळी लाग्वार्दिया हे टेकडीवरचे तटबंदीचे गाव पाहायचे. या गावाच्या पोटात घरोघर तळघरे खोदलेली आहेत, वाइन थंड राहावी म्हणून. आपल्याकडे ज्वारीसाठी जमिनीत पेव खणत, त्याच अकलेचे हे काम.

संध्याकाळी लोग्रोन्योत लाउरेल नावाच्या गल्लीत जायचे. चिंचोळी गल्ली, दोन्ही बाजूंना छोट्या खाणावळी. प्रत्येक खाणावळीचा एकच पदार्थ नावाजलेला : कुठे तव्यावरची अळिंबी, कुठे मिरची, कुठे बटाट्याचे कालवण. उभ्याने एक घास खायचा, अर्धा पेला वाइन घ्यायची आणि पुढच्या दारात जायचे. एकाच ठिकाणी बसून पोट भरले तर बाकीची गल्ली फुकट गेली.

मंगळवारी नावारात लोदोसा आणि त्याच्या शेजारची गावे. इथली पिकिल्यो मिरची टोकदार, लाल, गोडसर. ती जाळावर भाजतात, हाताने सोलतात, आणि पाण्याने धूत नाहीत, कारण धुतली की चव गेली. मिरचीचा हंगाम शरद ऋतूत असतो, पण डबाबंद माल वर्षभर मिळतो. १९८७ पासून लोदोसाच्या मिरचीला नावाचे संरक्षण आहे. गोम असी की पिकिल्यो ही जात पेरू देशातही पिकते आणि तिथून स्वस्तात येते. डब्यावर गावाची मोहोर आहे की नुसते जातीचे नाव आहे, हे वाचता आले पाहिजे. पांढऱ्या शतावरीचेही तेच. माती चढवून कोंबाला ऊन लागू देत नाहीत, म्हणून तो पांढरा राहतो. काढणी हाताची, मजुरी भारी. त्यामुळे पेरू आणि चीनचा डबाबंद कोंब त्याच्या शेजारी फळीवर बसतो. तेव्हा दुकानात दोन्ही डबे विकत घ्यायचे, मागची बारीक अक्षरे वाचायची, आणि शेजारी शेजारी ठेवून खायचे. दहा रकाने वाचून कळणार नाही ते त्या दोन घासांत कळेल.

बुधवार ओर्दिसियाचा. या बास्क गावात दर बुधवारी बाजार भरतो, शेकडो वर्षांचा. शेतकरी स्वतः माल घेऊन बसतो. शुक्रवारी पोहोचायचे म्हणालो ते या बुधवारसाठी. इथे इदियासाबाल चीज घ्यायचे. लाचा जातीच्या मेंढीच्या कच्च्या दुधाचे हे चीज निदान साठ दिवस मुरवतात. मेंढी दूध थोडेच देते, पण डोंगरात चरते आणि त्या चाऱ्याची चव दुधात उतरते, असे धनगर सांगतात. याही चीजला १९८७ पासून नावाचे संरक्षण आहे. मेंढीचे दूध विकत न देता त्याचे चीज करून आठवडी बाजारात स्वतः विकणारा धनगर पाहायला आपल्या धनगर बांधवांनी तर यावेच यावे.

बुधवारची रात्र आणि गुरुवार सान सेबास्तियान शहरात. इथल्या खाणावळीत फळीवर छोटे छोटे पदार्थ मांडलेले असतात. त्यांना पिंचो म्हणतात. सगळ्यात साधा पिंचो म्हणजे एका काडीला टोचलेले ऑलिव्ह, लोणच्यातली हिरवी मिरची आणि खारवलेली अँचोवी. आपल्या मिरचीच्या ठेच्यावर वाढलेल्या जिभेला हा पहिल्या घासात पटेल. गुरुवारी आस्तिगार्रागा गावात सायडरच्या घरी जेवण. मोठ्या पिंपाची तोटी उघडली की सायडरची धार लांबून पेल्यात झेलायची असते. जेवण ठरलेले : कॉड माशाचे आमलेट, मिरचीबरोबर कॉड, मग निखाऱ्यावरचे मांस, शेवटी चीज आणि अक्रोड. हे मांस गोमांस असते, बहुधा म्हाताऱ्या गाईचे. ज्यांना ते चालत नाही त्यांनी आधीच सांगायचे. खाणाऱ्याने न खाणाऱ्याला आणि न खाणाऱ्याने खाणाऱ्याला बोल लावायचा नाही, हा दौऱ्याचा पहिला नियम.

शुक्रवारी किनाऱ्याने पश्चिमेला, कांताब्रियातल्या सांतोन्या बंदराला. अँचोवी म्हणजे आपल्या मांदेलीच्या गोतातली मासळी. मिठात महिनोन्महिने दाबून ठेवतात, मग बायका एकेक मासा हाताने पुसून, काटा काढून तेलात मांडतात. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी सिसिलीहून आलेल्या खारवणाऱ्यांनी हा धंदा इथे रुजवला. या समुद्रात मासळी इतकी उपसली गेली की २००५ नंतर ती धरणेच बंद करावे लागले. २०१० साली साठा सावरल्यावर परवानगी मिळाली, तीही ठरवून दिलेल्या वजनाची. आमच्याबरोबर येणाऱ्या बहिणींनी इथे एक प्रश्न आवर्जून विचारायचा : डबा एवढा महाग विकला जातो, तर मासा सोलणाऱ्या बाईला दिवसाला काय मिळते?

शनिवारी आस्तुरियासच्या डोंगरात आरेनास दे काब्रालेस. काब्रालेस नावाचे निळ्या बुरशीचे चीज डोंगरातल्या नैसर्गिक गुहांत मुरते. वास उग्र. पहिल्यांदा नाक मुरडेल, पण एक घास घ्यायचाच. दर ऑगस्टमध्ये इथे चीजची स्पर्धा होते आणि पहिल्या आलेल्या चीजचा लिलाव. २०२३ साली सव्वादोन किलोच्या आसपासचे एक चीज ३०,००० युरोला गेले. एक युरो शंभर रुपयांच्या आसपास धरा आणि हिशेब करा. हॉटेलवाला एवढे पैसे चवीसाठी देत नाही, बातमीसाठी देतो, हे आम्हालाही कळते. पण बातमी झाली ती गावाच्या नावाची झाली.

रविवारी आस्तुरियासची सायडर. बाटली डोक्यावर उंच धरून, पेला मांडीजवळ धरून लांबून धार सोडतात. घोटभरच ओततात, लगेच पितात, आणि तळाचा थेंब पेल्याच्या कडेवरून सांडून पेला पुढच्याला देतात. या साऱ्या रीतीला डिसेंबर २०२४ मध्ये युनेस्कोने मानवजातीच्या वारशात जागा दिली. वाटेत घरांजवळ लाकडी धान्याची कोठारे दिसतील, चार खांबांवर उभी. खांब आणि कोठार यांच्यामध्ये सपाट दगडी चकती, म्हणजे उंदीर वर चढू शकत नाही. ओल्या देशात धान्य जमिनीखाली ठेवता येत नाही म्हणून त्यांनी ते उंच उचलले.

सोमवार प्रवासाचा, तीनशेच्या आसपास किलोमीटर. मंगळवारी गालिसियातले कांबादोस. इथे आल्बारिन्यो नावाचे पांढरे द्राक्ष. पाऊस भरपूर, म्हणून वेल जमिनीपासून उंच, ग्रॅनाइटच्या खांबांवर मांडव घालून. नाशिक-सांगलीचा मांडव पाहिलेल्याला घरी आल्यासारखे वाटेल. जमिनीचे तुकडेही आपल्यासारखेच. रियास बाइशास नावाखाली पिकवणाऱ्या शेतकऱ्याला सरासरी एक हेक्टरही येत नाही. आणि तरी १९८८ पासून हे नाव जगात गेले. तुकड्याच्या जमिनीतून काही होत नाही, असे ज्यांना वाटते त्यांनी इथे एक दिवस जास्त राहावे. जेवायला लाकडी थाळीत शिजवलेला ऑक्टोपस, वर लाल तिखट, मीठ आणि ऑलिव्ह तेल. शाकाहारी माणसाने पाद्रोनच्या छोट्या हिरव्या मिरच्या मागवायच्या. तेलात परतून मीठ भुरभुरलेल्या. बहुतेक गोड निघतात, एखादी तिखट. ती कोणाच्या वाट्याला आली यावर तिथे हसतात. आपल्याला ती तिखट वाटेल की नाही ते पाहू.

बुधवारी सांतियागोचा बाजार, आणि गुरुवारी परतीचे विमान.

आता सोयीच्या गोष्टी. तिथे दुपारचे जेवण दोन-अडीचला आणि रात्रीचे नऊनंतर. भूक लागेल, पण घड्याळ बदलणार नाही. दुपारी ठरलेल्या किमतीची थाळी मिळते : पहिला पदार्थ, दुसरा पदार्थ, पाव, पेय आणि गोड. पोट दुपारी भरायचे आणि रात्री पिंचोवर भागवायचे, म्हणजे पैसे वाचतात. शाकाहारी माणसाने सावध राहावे. घेवड्याच्या आमटीत डुकराच्या मांसाचा तुकडा असतो. भाजीतही असू शकतो. नुसते भाजी आहे का असे विचारू नका. ‘सिन कार्ने, सिन हामोन, सिन पेस्कादो’, म्हणजे मांस नको, हॅम नको, मासा नको, हे तीन शब्द पाठ करून जायचे. बटाट्याचे आमलेट, भाजलेली पिकिल्यो, शतावरी, चीज, पाव यांवर शाकाहारी माणूस चौदा दिवस चांगला निघतो.

वाइनचे काय? आपल्या कितीतरी बहिणींनी गावातले दारूचे दुकान बंद करायला आयुष्य घातले आहे. त्यांना हा दौरा खटकणार. आम्ही एवढेच सांगतो की चाखणे आणि पिणे या दोन गोष्टी आहेत. चाखणारा घोट तोंडात फिरवतो आणि थुंकून टाकतो. त्यासाठी भांडे ठेवलेले असते आणि त्यात कमीपणा मानत नाहीत. ज्याला घोटही नको त्याने वास घ्यावा आणि हिशेब विचारावा. गाडी चालवणाऱ्याने त्या दिवशी पेल्याला हात लावायचा नाही. पिऊन तोल गेला तर तो माणूस पुढच्या दिवशी खोलीतच राहील. हा दुसरा नियम.

व्हिसा शेंगेन देशांचा. फी जून २०२४ पासून ९० युरो. ३०,००० युरोपर्यंतचा दवाखान्याचा विमा लागतो. अर्ज प्रवासाच्या आधी सहा महिन्यांपासून करता येतो आणि पंधरा दिवसांच्या आत आले की चालत नाही. आपण तीन महिने आधी करायचा. नोकरदाराकडे पगाराची पत्रे असतात, आपल्याकडे सातबारा, बँकेचे उतारे आणि माल विकल्याच्या पट्ट्या. त्या आतापासून जपून ठेवा. येताना दोन लिटरपर्यंत वाइन जकातीशिवाय आणता येते. वेलीची काडी, बी, रोप मात्र कोणी खिशात घालून आणायचे नाही. एका किडीने फ्रान्स आणि स्पेनच्या बागा कशा वाळवल्या ते ऐकलेच आहे. कापूस पाहायचा असेल तर तो या वाटेवर नाही. तो दक्षिणेला आंदालुसियात, तोही बागायती. तो दौरा वेगळा.

शेवटी मुद्द्याचे. आम्ही काय विचारून येणार?

रिओहा हे नाव १९२५ साली कायद्याने बांधले गेले, आणि १९९१ साली त्याला स्पेनमधला सर्वांत वरचा दर्जा मिळाला, देशात पहिला. त्या नावामागे शिस्त आहे. लाल द्राक्षाला हेक्टरी ६,५०० किलोची मर्यादा, म्हणजे आपल्या हिशेबाने एकरी सव्वीस क्विंटल. पांढऱ्याला ९,००० किलो. विक्री मंदावली तर ही मर्यादा त्या वर्षापुरती आणखी खाली आणतात. प्रत्येक शेतकऱ्याला कार्ड, प्रत्येक गाडी वजनकाट्यावर, मर्यादेच्या वरचा माल नावाखाली चालत नाही. क्रिआन्सा म्हणून विकायची वाइन निदान दोन वर्षे मुरली पाहिजे आणि त्यातले एक वर्ष ओकच्या पिंपात. ग्रान रेसेर्वा निदान पाच वर्षे. मुरवण्याचे पैसे आहेत तो थांबू शकतो. ज्याच्याकडे नाहीत तो द्राक्षेच विकतो. आपल्या कापसाचेही असेच नाही का? ज्याला ठेवायला जागा आणि खायला दाणे आहेत तोच भावाची वाट पाहतो.

आणि एवढी शिस्त असूनही संकट टळले नाही. लोक लाल वाइन कमी पिऊ लागले, साठा वाढला. २०२३ साली जादा वाइन गाळून तिचे अल्कोहोल करावे लागले आणि हिरवे घड तोडून टाकायला अनुदान द्यावे लागले. म्हणजे नाव लागले की भाव लागला, असे गणित नाही. मंगळवेढ्याच्या ज्वारीला २०१६ साली भौगोलिक मानांकन मिळाले. उद्या आपल्याही मालाला कोणी असे नाव मिळवून देऊ म्हणेल. तेव्हा हारतुरे घेण्याआधी विचारायचे काय, हे आपल्याला आजपासून ठाऊक हवे.

दुसरी गोष्ट कायद्याची. स्पेनमध्ये अन्नसाखळीचा कायदा २०१३ साली झाला. शेतकऱ्यांनी ट्रॅक्टर रस्त्यावर आणल्यावर २०२० साली त्यात उत्पादन खर्चाचा मुद्दा आला आणि २०२१ साली तो पक्का झाला : साखळीतल्या कोणीही आपल्या आधीच्याला त्याच्या उत्पादन खर्चाहून कमी किंमत द्यायची नाही, आणि सौदा लेखी हवा. कागदावर हे ऐकून आपले डोळे चमकतील. पण फेब्रुवारी २०२४ मध्ये तिथले शेतकरी पुन्हा ट्रॅक्टर घेऊन रस्त्यावर होते. कायदा इतका चांगला असेल तर रस्त्यावर का उतरावे लागले?

म्हणून सोमवारी बांधावर बसून विचारायचे प्रश्न आम्ही लिहून काढले आहेत. तुमच्या द्राक्षाचा उत्पादन खर्च कोण काढतो, तुम्ही की कोणी कचेरीतला? त्यात घरच्या माणसांची मजुरी धरतात का? करार तोडणीच्या आधी हातात येतो की नंतर? खर्चाहून कमी भाव मिळाला म्हणून तक्रार केली, तर पुढच्या वर्षी तोच खरेदीदार माल घेतो का? गावाच्या नावाचा निर्णय करणाऱ्या मंडळात शेतकऱ्याच्या मताचे वजन किती आणि वाइनघरवाल्याच्या मताचे किती? सहकारी वाइनघरात पैसे किती महिन्यांनी मिळतात? आणि तुमचा मुलगा शेती करतो का?

हे सात प्रश्न आहेत. आठवा, नववा, दहावा तुम्ही द्यायचा. आज मेळावा संपताना दारापाशी वही ठेवली आहे. एका पानावर येणाऱ्यांची नावे, दुसऱ्या पानावर प्रश्न. नाव एकट्या पुरुषाचे लिहू नका. घरची बाई येत असेल तर तिचे आधी लिहा, कारण मिरची भाजणारीला आणि मासा सोलणारीला काय विचारायचे ते तिला जास्त कळते. प्रश्नांना पैसे लागत नाहीत, तेव्हा ते पान भरले पाहिजे. परत आल्यावर याच मेळाव्यात एकेका प्रश्नाचे उत्तर वाचून दाखवू. ज्याचे उत्तर मिळाले नाही तेही वाचू.